मदत हवी आहे: विदर्भाच्या उन्हाळ्यात इन्सुलिन कसं टिकवावं, आणि खर्च कसा आटोक्यात ठेवावा?

नमस्कार मंडळी,

आई ब्रह्मपुरी तालुक्यात गावी एकटी असते, मी नोकरीनिमित्त पुण्यात. तिला ३०/७० इन्सुलिन (लवकर आणि हळू काम करणाऱ्या ह्यूमन इन्सुलिनचं मिश्रण) सुरू आहे, सकाळी २२ आणि रात्री १४ युनिट. हिवाळ्यात उपाशीपोटीची साखर दीडशेच्या आत असायची, मे महिन्यात ती अडीचशेच्या खाली येईना. जेवण तेच, इंजेक्शनची वेळ तीच. डॉक्टर डोस वाढवू म्हणतात. मला मात्र बाटलीचीच शंका येते.

तिकडचा पारा ४५ च्या वर जातो हे तुम्हाला ठाऊकच आहे. लाईट गेली की दुपारभर येत नाही. "लाईनच नाही राहत, तं फ्रिज काय कामाचा?" हे आईचं म्हणणं. फ्रिज जुना, एका दाराचा. लाईट आली की बर्फाच्या कप्प्याखालची दुधाची पिशवी कडक होते, म्हणजे इन्सुलिन गोठून खराब व्हायचीही भीती. परवा व्हिडिओ कॉलवर तिला बाटली तळहातांत हलकेच घोळवून उजेडासमोर धरायला सांगितली. एकसारखं दुधाळ दिसायला हवं होतं, पण काचेला आतून पांढरे कण चिकटलेले होते. ती बाटली टाकून द्यायला लावली. अर्धी भरलेली होती, आईच्या जिवावर आलं.

आता पैशाचं. आधी तिच्याकडे पेन होतं, पण त्याचं कार्ट्रिज (पेनात घालायची इन्सुलिनची नळी) मिळेनासं झालं. पर्याय दोन: अ‍ॅनालॉग (रचनेत बदल केलेल्या, नव्या प्रकारच्या) इन्सुलिनचं तयार पेन किंवा साधी बाटली. तिला महिन्याला १०८० युनिट लागतात. १० मिलिच्या बाटलीत ४०० युनिट, म्हणजे तीन बाटल्या, पाचशेच्या आसपास. पेनात ३०० युनिट, म्हणजे चार पेनं, तीन हजारांच्या वर. दीड एकर धानावर जगणाऱ्या बाईने दर महिन्याला हे कुठून आणायचं? मी पाठवतोच, पण माझी नोकरी कंत्राटी आहे. म्हणून सध्या बाटलीच.

कॉक्रेन या वैद्यकीय संशोधनाचे आढावे घेणाऱ्या संस्थेच्या २०२३ च्या आढाव्यात वाचलं की न उघडलेलं ह्यूमन इन्सुलिन २५ अंशांपर्यंत सहा महिने आणि ३७ अंशांपर्यंत दोन महिने टिकू शकतं. जरा धीर आला, पण आईच्या पत्र्याच्या घरात दुपारी ३७ वर थांबत नाही. मडक्यात ठेवणारं कुणी आहे का इथे? नेमकं कसं ठेवता? आणि सरकारी दवाखान्यात इन्सुलिन खरोखर मिळतं का?

प्रतिसाद १

दादा, माझं वर्धा जिल्ह्यात मेडिकल आहे. मोठ्या मडक्यात वाळू भरून ती ओली ठेवायची, मधे छोटं मडकं बसवायचं, त्यात कोरड्या डब्यात बाटली, वर ओलं फडकं. सावलीत, वारा लागेल असं ठेवा. वाळूला सकाळ-संध्याकाळ पाणी द्यायचं. आत पन्नास-शंभर रुपयांचा थर्मामीटर टाकाच, अंदाजावर जाऊ नका. आपल्या कोरड्या उन्हाळ्यात हे चांगलं चालतं, पावसाळ्यात फारसं नाही.

आईच्या डोसने एक बाटली अकरा दिवसांत संपते, त्यामुळे उघडल्यावर चार आठवड्यांची मुदत तुम्हाला आड येत नाही. महिन्याचा साठा मात्र घरी ठेवू नका. इन्व्हर्टरवर फ्रिज चालवणारं दुकान शोधा आणि एकेक बाटली आणा.

प्रतिसाद २

मी ग्रामीण रुग्णालयात परिचारिका आहे. डोस वाढवण्याआधी नवी बाटली लावून तीन-चार दिवस साखर बघा, आणि कण दिसल्याचं डॉक्टरांना आधी सांगा. हे फार महत्त्वाचं आहे. खराब इन्सुलिनवर डोस वाढवला आणि पुढची बाटली चांगली निघाली, तर साखर एकदम खाली जाते. आई एकटी असते, रात्री घाम फुटून चक्कर आली तर उठवणार कोण? उशाशी साखरेची पुडी असू द्या.

दुसरं, मिलिला ४० युनिटच्या बाटलीला लाल टोपणाचीच सिरिंज. घरात जुनं कार्ट्रिज उरलं असेल तर ते लाल सिरिंजने कधीही ओढू नका. ते मिलिला १०० युनिटचं असतं, अडीचपट डोस जाईल.

सार्वजनिक आरोग्य विभागाच्या रुग्णालयांत ऑगस्ट २०२३ पासून उपचार मोफत आहेत. मधुमेह-रक्तदाबाच्या एनसीडी (असंसर्गजन्य आजारांच्या) क्लिनिकमध्ये नाव नोंदवा आणि इन्सुलिन मागा. साठा कधी असतो, कधी नसतो, म्हणून जाण्याआधी फोन करा. महात्मा फुले योजनेची आशा धरू नका, ती भरती झालेल्या रुग्णांसाठी आहे, रोजच्या औषधांसाठी नाही. जनऔषधी केंद्रातही विचारा.

धागाकर्ता

दोघांचेही मनापासून आभार. उरलेल्या कार्ट्रिजचं डोक्यातच आलं नव्हतं. आत्ता आईला फोन केला, कपाटात दोन निघाली, शेजारच्या काकू ती बाजूला काढून ठेवताहेत. डॉक्टरांशी उद्या बोलतो, रविवारी मडकी घेऊन गावी निघतो. एकच राहिलं: नागपूरहून ब्रह्मपुरीपर्यंत दुपारच्या एसटीने तीन बाटल्या न्यायच्या आहेत. थर्मासमध्ये बर्फ टाकला तर बाटल्या गोठू नयेत म्हणून मधे काय गुंडाळता?