संप नको, पण मग वाटाघाटीचे टेबल कुठे आहे?

मूळ मुद्दा
मार्च २०२३ मध्ये जुन्या पेन्शनसाठी राज्यातील कर्मचारी आणि शिक्षक संपावर गेले, तेव्हा शासनाने 'मेस्मा'चा, म्हणजे अत्यावश्यक सेवांतील संपाला बंदी घालू देणारा, कायदा नव्याने मंजूर करून घेतला. संपाला मर्यादा असावी, हे मला मान्य आहे. परंतु गोव्यातील एका शिक्षिकेच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने १९८८ मध्येच शाळा हा उद्योग असला तरी शिक्षक 'कामगार' नव्हेत, असे ठरवले, आणि मालक-कामगार तंटे सोडवणाऱ्या औद्योगिक विवाद कायद्याचा मार्ग त्यांना बंद झाला. पुढे २००३ मध्ये, तामिळनाडूने लाखाहून अधिक कर्मचाऱ्यांना एका फटक्यात बडतर्फ केल्याच्या प्रकरणात, सरकारी कर्मचाऱ्यांना संपाचा हक्कच नाही, असा निर्वाळा मिळाला. मग उरले काय? निवेदन द्यायचे आणि पोचपावती जपून ठेवायची.

प्रतिसाद : असहमत
कारखान्यातील संपाची झळ मालकाला बसते. शाळेतील संपाची झळ मंत्र्याला नव्हे, पालकांना बसते. माझा मुलगा त्या वर्षी बारावीला होता. उत्तरपत्रिकांचे गठ्ठे तपासणीवाचून पडल्याच्या बातम्या वाचून त्याची झोप उडाली होती. शिवाय पेन्शनचा भार पुढची तीस-चाळीस वर्षे जे करदाते उचलणार, त्यांना या वाटाघाटीत विचारतो कोण? तो निर्णय विधिमंडळानेच घ्यावा.

मूळ लेखकाचे उत्तर
आपल्या मुलाची काळजी रास्त आहे, आणि म्हणूनच मी संपाचे नव्हे, लवादाचे, म्हणजे त्रयस्थाने वाद ऐकून निवाडा देण्याचे, समर्थन करतो आहे. केंद्रीय कर्मचाऱ्यांसाठी १९६६ पासून संयुक्त सल्लागार यंत्रणा आहे; तिथे सरकार आणि कर्मचारी संघटना एकत्र बसून चर्चा करतात. वेतन-भत्ते, कामाचे तास आणि रजा यांवर एकमत न झाल्यास प्रश्न सक्तीच्या लवादाकडे जातो, आणि त्यावरही अखेरचा अधिकार संसदेचाच राहतो. करदात्याचा आवाज तिथे बुडत नाही.

प्रतिसाद : अंशतः सहमत
माझे वडील राज्य सरकारी कर्मचाऱ्यांच्या १९७७-७८ च्या ५४ दिवसांच्या संपात होते. दुसऱ्या महिन्यात वाण्याने उधारीची वही मिटून ठेवली आणि आईने तांदूळ शेजारून वाटीने आणला. त्यामुळे कर्मचारी हौसेने संपावर जातो, हे मला कोणी सांगू नये. मात्र लवादाचा निवाडा गैरसोयीचा ठरला की शासन तो वर्षानुवर्षे लोंबकळत ठेवू शकते, याकडे मूळ लेखकाने काणाडोळा केला आहे. निवाडा अमलात आणण्याची मुदत कायद्यातच हवी.

प्रतिसाद : असहमत (पुन्हा)
मुदतीसह लवाद असेल, तर माझा विरोध बराचसा मावळतो. पण मग परीक्षेच्या काळात संप नाही, हे संघटनांनीही लेखी द्यावे.