'एकदाच पाडा, नीट बांधा' म्हणणाऱ्यांना उत्तर

टिपकागद (धागाकर्ता)
परवा एका महाशयांनी लिहिलं की पुण्याची वाट 'तुकड्यातुकड्यांच्या कारभारा'ने लावली. आज एक चौक, उद्या एक पूल, परवा एक रंगवलेला पट्टा. त्यांचा उपाय असा: पाच वर्षं शहर एका खमक्या अधिकाऱ्याच्या हाती द्या, आराखडा एकदाच करा, कोणाचं न ऐकता पाडायचं ते पाडा. खाली बदामांचा सडा. तिथे तोंड उघडण्यात अर्थ नव्हता, म्हणून इथे.

कोणाचं न ऐकता म्हणजे नक्की काय? चार्ल्स लिंडब्लॉम हा अमेरिकन राज्यशास्त्रज्ञ १९५९ मध्ये सांगून गेला की कुठल्याच सरकारकडे सगळी माहिती नसते, सगळे पर्याय तोलायला वेळ नसतो आणि मुळात काय हवंय यावरच लोकांचं एकमत नसतं. जंगली महाराज रस्त्यावर उभं राहून बघा. दुचाकीवाल्याला रुंद रस्ता हवा, आजींना फुटपाथ, दुकानदाराला दारात पार्किंग. यातलं 'योग्य' कोण ठरवणार? मग आहे त्याच्या आसपासचे दोन-चार पर्याय घ्यायचे, एक करून बघायचा, चुकलं तर थोडक्यात निभावतं.

महाराष्ट्राने उत्तम कामं अशीच केली. रोजगार हमी बघा. १९७२ च्या दुष्काळातली कामं, १९७७ चा कायदा, अंमल १९७९ पासून आणि देशभराचा कायदा २००५ मध्ये. माहितीचा अधिकार राज्यात २००२ ला, देशात २००५ ला. आणि खमका निर्णय हवाच असेल तर ८ नोव्हेंबर २०१६ आठवा. चलनातल्या ८६ टक्के किमतीच्या नोटा एका रात्रीत बाद, आणि रिझर्व्ह बँकेच्याच हिशेबाने त्यातल्या ९९ टक्क्यांहून जास्त परत आल्या.

खडूस_खडकीकर
आली का नोटबंदी! मला वाटलंच होतं, फुटपाथवरून चालत चालत तुम्ही तिथेच पोचणार. सरळ सांगा ना कोणावर राग आहे.

टिपकागद
राग नाही, उदाहरण आहे. खोडता येत असेल तर खोडा.

नगररोडचा_वारकरी
त्या भांडणात मला पडायचं नाही. मी बसने फिरतो, बसवर बोलतो.

डिसेंबर २००६. कात्रज-स्वारगेट-हडपसर बीआरटी, म्हणजे फक्त बससाठी राखलेली मार्गिका, प्रायोगिक तत्त्वावर. देशातली पहिली म्हणून काय मिरवलो आपण! बस आपल्या मार्गिकेतून पळायची आणि चौकात येऊन बाकीच्यांच्या गर्दीतच अडकायची. मार्गिकेत रिक्षा, दुचाक्या, एखादा टेम्पो. २०१५ पासून 'रेनबो' नाव देऊन नवे मार्ग आले. आमच्या नगर रोडलाही बांधली. पुढे तीच काढून टाकली.

टिपकागद, बीआरटी अर्धी केली तर फायदा अर्धा होत नाही. फायदा शून्य होतो आणि वैताग मात्र पूर्ण मिळतो. सलग मार्ग, दर पाच मिनिटांना गाडी आणि रस्त्यावरच्या पार्किंगला पैसे, हे तिन्ही एकदम आलं तरच माणूस ॲक्टिव्हा घरी ठेवेल. तुमच्या पद्धतीने एकेक करून बघितलं तर तिन्ही वेगवेगळी नापास होतात. मग साहेब म्हणायला मोकळे, "केलं होतं, पुण्यात चालत नाही."

वेताळ_टेकडी
वारकरीबुवांना +१. विद्यापीठ चौकातला पूलही यात घाला. एका चौकाची कोंडी फोडायला बांधला, २०२० मध्ये मेट्रोसाठी पाडला. मेट्रो तिथून जाणार हे आधी अख्ख्या शहराचा नकाशा समोर ठेवून बघितलं असतं तर आपलेच पैसे दोनदा गेले नसते.

कात्रजचा_घाट
अख्खा नकाशा समोर ठेवलेला नमुना हवाय? एचसीएमटीआर, म्हणजे जलद वाहतुकीचा वर्तुळाकार मार्ग. १९८७ च्या डीपीत (शहराच्या विकास आराखड्यात) आहे. शहराभोवती साधारण ३६ किलोमीटरचं वर्तुळ. ते डीपीत आलं तेव्हा जन्मलेल्यांची मुलं आता शाळेत जातात, वर्तुळ अजून कागदावरच. मोठ्या आराखड्याने काय दिलं? आरक्षणाखालच्या जागांच्या मालकांना टांगून ठेवलं, एवढंच.

आमच्या कात्रज-कोंढवा रस्त्याचंही ऐका. कागदावर ८४ मीटर रुंद. जागा ताब्यात येईना, शेवटी ५० मीटरवर आले. सुरुवातीपासून ५० म्हटलं असतं तर मधल्या काळात ट्रकखाली गेलेले काही जण आज असते. हे मी भावनेच्या भरात लिहिलंय, खोडणार नाही.

टिपकागद
घाटसाहेब, आभार. वेताळराव, तो पूल माझ्या बाजूचा पुरावा आहे. काँक्रीट ओतलं की मागे फिरायची सोय संपली. छोटं पाऊल म्हणजे जिथून कमी पैशात परत येता येतं ते. रंग मारून, प्लास्टिकचे खांब लावून महिनाभर चौक बदलून बघा, हे छोटं. जंगली महाराज रस्त्याचे फुटपाथ एका तुकड्यात रुंद केले, लोक चालायला-बसायला लागले, मग पुढचा तुकडा घेतला.

वेताळ_टेकडी
वा! म्हणजे फसलं ते मोठं आणि जमलं ते छोटं. या व्याख्येने तुम्ही आयुष्यात कधी हरणार नाही.

मावशी_कर्वेनगर
तुमचे पूल बाजूला ठेवा, मी घरचं सांगते. आमची सोसायटी चौऱ्याऐंशीची. दर दोन पावसाळ्यांनी गच्चीचं वॉटरप्रूफिंग, मग ड्रेनेज, मग पंप, मग प्लॅस्टर पडलं म्हणून पॅरापिट. प्रत्येक एजीएमला "यंदा एवढंच करू." शेवटी स्ट्रक्चरल ऑडिटवाल्याने हात टेकले. इतकी वर्षं जो पैसा ओतला तो कुठे गेला? गटारात. आता रीडेव्हलपमेंटला दिलीय, नवी लिफ्ट येईल, सुटले. शहराचंही असंच आहे.

भाडेकरू_नाइलाजाने
मावशी, सुटलात असं इतक्यात म्हणू नका. आम्हीही 'एकदाच पाडू' म्हणूनच दिली होती. पहिलं वर्ष भाडं वेळेवर आलं. मग थकलं. मग बिल्डर फोन उचलेना. प्लॉटवर आता गवत आहे आणि आई-बाबा ऐंशीच्या घरात भाड्याच्या जागेत. बिल्डरचं नाव विचारू नका, वकिलाने बजावलंय. गळकी गच्ची असली तरी आमची होती हो.

मावशी_कर्वेनगर
वाईट झालं. पण बँक गॅरंटी घेतली नव्हती का? आमच्या कमिटीने आधी ती घेतली, मगच सह्या.

भाडेकरू_नाइलाजाने
घेतली नव्हती. कमिटीतल्या दोघांना घाई होती. कशाची घाई ते मी इथे लिहीत नाही.

खडूस_खडकीकर
कमिटीवर खापर फोडणं सोपं आहे. मी कमिटीत होतो. एकटा सभासद अडून बसतो, "मला शंभर फूट जास्त द्या" म्हणतो, आणि बाकीचे पंधराजण वर्षानुवर्षं टाकीखालची बादली बदलत बसतात. बरं झालं २०१९ ला रीडेव्हलपमेंटला लागणारी सभासदांची संमती ५१ टक्क्यांवर आणली.

भाडेकरू_नाइलाजाने
आमचे बाबा त्या उरलेल्या ४९ मधले होते. अडून बसले नव्हते, करारातली दोन कलमं विचारत होते. त्यांना सभेत काय काय बोललात ना तुम्ही लोक!

खडूस_खडकीकर
मी तुमच्या सोसायटीतला नाही हो.

भाडेकरू_नाइलाजाने
सगळे सारखेच असतात.

कात्रजचा_घाट
धाग्याचा विषय काय होता कोणाला आठवतंय का?

निवृत्त_कारकून
मला आठवतोय. एका नगरपालिकेत हिशेब विभागात नोकरी झाली, म्हणून सांगतो. तुम्ही ज्याला छोटं पाऊल म्हणता ते आमच्याकडे अंदाजपत्रकात असं पडायचं: गेल्या वर्षीचा आकडा, वर दहा टक्के. जुनं हेड उघडून हे काम अजून लागतं का, असं कोणी विचारत नसे. पुण्यात माननीयांची 'स' यादी, म्हणजे नगरसेवकांनी सुचवलेली कामं, आहेच. बाकं, नावाच्या पाट्या, वर्ष सरत आलं की वर्गीकरण, म्हणजे एका हेडचा पैसा दुसऱ्यात. हा लिंडब्लॉम मी वाचलेला नाही, पण त्याची पद्धत आमच्या हेडक्लार्कला पाठ होती. चूक दुरुस्त व्हायची नाही, दहा टक्क्यांनी वाढायची.

वेताळ_टेकडी
कारकूनकाका, दंडवत. आणि १९९१ सांगा यांना. जुलैत एका झटक्यात बहुतेक उद्योगांचं लायसन्स राज गेलं. हळूहळू करत बसले असते तर देश दिवाळखोर.

टिपकागद
१९९१ पूर्ण सांगा की! रुपयाचं अवमूल्यन दोन टप्प्यांत केलं, १ जुलैला आणि ३ जुलैला. पहिल्यानंतर काय होतं ते बघून दुसरं. आयात शुल्क पुढची कित्येक वर्षं उतरवत नेलं. चालू खात्यावर, म्हणजे आयात-निर्यातीसारख्या व्यवहारांत, रुपया १९९४ मध्ये परिवर्तनीय झाला (परकीय चलनात मोकळेपणी बदलता येऊ लागला), भांडवली खात्यावर, म्हणजे गुंतवणुकीच्या व्यवहारांत, पूर्णपणे अजूनही नाही.

वेताळ_टेकडी
मधे एक दिवस सोडून दोन अवमूल्यनं, आणि याला तुम्ही हळूहळू म्हणता. धन्य. शुल्काचं मान्य करतो, बाकी नाही.

नगररोडचा_वारकरी
टिपकागद, कारकूनकाकांना उत्तर द्या, ते टाळताय. तुमची पद्धत चालायला पहिल्या पावलाचा निकाल बघावा लागतो. बीआरटीला आधी फेरीला किती वेळ लागायचा आणि नंतर किती लागला, हा आकडा आमच्या स्टॉपवर कधी कोणी लावला? प्रयोग सुरू होतो, उद्घाटन होतं, अधिकाऱ्याची बदली होते. नवा येतो तो स्वतःचा प्रयोग घेऊन. शिवाय मार्च २०२२ पासून काही वर्षं नगरसेवकच नव्हते, प्रशासक होता. एका हाती कारभार झाला की! ना खमका आराखडा आला, ना तुमची पावलं.

टिपकागद
काका बोलले ते लिंडब्लॉमच्या टीकाकारांनीही म्हटलंय: मूळ धोरणच चुकलेलं असेल तर त्याच्या आसपास फिरून काही हाती लागत नाही. हे मला माहीत आहे. म्हणून शहर एका माणसाला आंदण द्यायचं का?

नगररोडचा_वारकरी
मी कुठे म्हटलं तसं? ते त्या बदामवाल्यांना विचारा. टाका तुमची छोटी पावलं, माझी हरकत नाही. फक्त ठरावातच लिहा की अमुक तारखेला अमुक आकडा बघू आणि तो नाही आला तर मागे येऊ. बसमार्गाचं मात्र तुकड्यात करू नका. एकच रस्ता घ्या, पण टोकापासून टोकापर्यंत.

टिपकागद
एकच रस्ता, टोकापासून टोकापर्यंत, आकडा बघून पुढचा. अहो, हे माझंच म्हणणं आहे.

नगररोडचा_वारकरी
तुमचंच असू द्या. बस आली, चढतो.

मावशी_कर्वेनगर
भाडेकरू, तुमचे वकील रेराचं काम बघतात का? व्यनि करते. आणि बिल्डर देतो त्या कॉर्पसच्या रकमेवर टॅक्स लागतो का हो, कोणी सीए आहे का इथे?