अरविंद गुप्तांची पुस्तकं : खेळणं झालं, पण विज्ञान झालं का?

कोथरूडकर (धागाकर्ता)
सुट्टी लागली की सोसायटीच्या ग्रुपवर विज्ञान शिबिरांच्या जाहिराती सुरू होतात आणि त्यांत 'कचऱ्यातून विज्ञान' हटकून असतं. हे आलं टाकाऊ वस्तूंतून खेळणी करायला शिकवणाऱ्या अरविंद गुप्तांच्या पुस्तकांतून, पुणेकरांना सांगायला नको. अरविंद गुप्ता म्हणजे आयआयटी कानपूरचे इंजिनिअर. पुण्यात टेल्कोत (ट्रकच्या कारखान्यात) नोकरी, तिथून मध्य प्रदेशात होशंगाबादच्या खेड्यांतल्या शाळा, पुढे २००३ पासून दशकभर आयुका या पुण्यातल्या खगोलशास्त्र संस्थेतलं मुलांचं विज्ञान केंद्र, मुक्तांगण विज्ञान शोधिका, २०१८ ला पद्मश्री. माणसाबद्दल आदरच आहे. तक्रार पुस्तकांबद्दल आहे.
त्यांत चित्रं सुरेख, कृती सोपी. पण ती कृती संपली की बहुतेक वेळा पानही संपतं. माझी मुलगी शिबिरातून मोटर करून आली. सेल, दोन सेफ्टी पिना, लोहचुंबक, तांब्याच्या तारेचं वेटोळं. छान फिरते. मी विचारलं, तारेच्या एका टोकाचं वॉर्निश सगळं खरवडलंस आणि दुसऱ्या टोकाचं एका बाजूला ठेवलंस, ते का? "ताईंनी सांगितलं म्हणून." ही हस्तकला झाली. विज्ञान म्हणून खपवू नये एवढंच म्हणणं.

जुन्नरचे गुरुजी
साफ असहमत. मी जिल्हा परिषदेच्या शाळेत शिकवतो. आमच्याकडे साहित्याच्या कपाटाला कुलूप असतं, कारण काही फुटलं तर जबाबदारी कुणाची हा प्रश्न. काडेपेटीच्या काड्या आणि सायकलच्या व्हॉल्व्हची रबरी नळी यांना कुणी कुलूप लावत नाही. नळीच्या तुकड्यांत काड्या खोचून त्रिकोण करायचा, मग चौकोन. त्रिकोण दाबला तरी आकार सोडत नाही, चौकोन लगेच कलंडतो. चौकोनात एक तिरकी काडी घातली की तोही ताठ. मी तोंडातून शब्द काढला नव्हता, एक पोरगा खिडकीबाहेर बघून म्हणाला, "गुरुजी, लाईटच्या टॉवरला म्हणून तिरक्या पट्ट्या!"
पुस्तकात आधीच 'का' छापलं असतं तर त्याने ते पाठ केलं असतं, बाहेर बघितलं नसतं.

पिंपरी निवृत्त
कोथरूडकर, प्रश्न एकदम बरोबर विचारलात. राग मात्र चुकीच्या माणसावर काढताय. आधी वॉर्निशचं सांगतो, माझी हयात विजेच्या मोटरींत गेली.
वेटोळ्यातून वीज गेली की ते स्वतः चुंबक होतं आणि खालचा चुंबक त्याला ढकलून फिरवतो. अर्धा फेरा झाला की त्याची बाजू उलटते. वीज तशीच चालू राहिली, तर आता तोच चुंबक त्याला मागे ओढेल. म्हणजे वेटोळं पुढे-मागे डुलेल आणि थांबेल. तेवढ्यात वॉर्निशचा भाग पिनेवर येतो, वीज तुटते, आणि वेटोळं आपल्या गतीने उरलेला फेरा पुरा करतं. मग पुन्हा उघडी तार, पुन्हा धक्का. मोठ्या डीसी मोटरमध्ये हेच काम कॉम्युटेटर करतो. तो तर वीज तोडून थांबत नाही, तिची दिशाच उलटवतो.
हे सगळं एका पानावर लिहिलं असतं तर दहा वर्षांच्या पोराने वाचलं असतं का? तपकीर गल्लीतल्या विजेच्या सामानाच्या दुकानातून वाइंडिंगची तार आणा, दोन्ही टोकं पूर्ण खरवडा आणि मुलीला बघू द्या काय होतं ते. शिबिरवाल्यांना एवढं सुचलं नाही, हा शिबिराचा दोष.

अप्पा बळवंत चौक
आमचं पुस्तकांचं दुकान आहे म्हणून वेगळं दुखणं. त्यांच्या संकेतस्थळावर पुस्तकं फुकट, मराठीतलीसुद्धा. विचार थोर आहे. पण फुकट पीडीएफ पालकांच्या मोबाईलमध्ये पडून राहते. विकत घेतलेलं पुस्तक निदान घरात लोळतं आणि पोराच्या हाती लागतं.

जुन्नरचे गुरुजी
अप्पा, तुमच्या चौकात यायला आमच्या पोरांना एसटीचं भाडं पडतं. मी पीडीएफची दोन पानं झेरॉक्स करतो, काम भागतं.

होशंगाबाद आठवणारी
मी कोथरूडकरांच्या बाजूने, कारण मात्र वेगळं. होशंगाबाद विज्ञान कार्यक्रम १९७२ ला १६ शाळांत सुरू झाला. मुलांनी प्रयोग करायचे, निरीक्षणं स्वतः लिहायची, परीक्षेला पुस्तक उघडं ठेवायचं. त्यामागे किट होतं, शिक्षकांचं प्रशिक्षण होतं, वर्गात चर्चा होती. २००२ मध्ये सरकारने तो बंद केला. गुप्तांचं काम त्या वातावरणात रुजलं, आपल्याकडे मात्र त्यातलं फक्त खेळणं पोचलं. गुरुजींच्या वर्गात ते चालतं ते गुरुजींमुळे. पुस्तकाला त्याचं श्रेय देऊ नका.
आणि कचराही बदललाय हो. फिल्म रोलची डबी आजच्या मुलाने पाहिलीय का? स्ट्रॉची पिपाणी करून ती वाजवता वाजवता कापत गेलं की सूर चढत जातो, काय सुंदर प्रयोग! पण १ जुलै २०२२ पासून प्लॅस्टिक स्ट्रॉवर बंदी आहे आणि कागदी स्ट्रॉ थुंकीने भिजून मान टाकते.

नारळीकरप्रेमी
इथे खगोलशास्त्रज्ञ जयंत नारळीकर आठवतात. मुलांनी सही मागितली की ते म्हणायचे, पोस्टकार्डावर प्रश्न लिहून पाठव, उत्तराखाली सही मिळेल. आधी प्रश्न! खेळण्यांच्या पुस्तकांत मला तेच सापडत नाही.

पिंपरी निवृत्त
आयुका नारळीकरांनीच उभी केली ना? तिथेच ही खेळणी दहा वर्षं झाली. (मुक्तांगणाची इमारत पु. ल. देशपांडे प्रतिष्ठानच्या देणगीतून झाली आणि तिचं नाव सप्तर्षींतल्या ताऱ्यावरून 'पुलस्त्य'. आयुकातल्या लोकांनाही कोट्या सुचतात.) पोस्टकार्डावर लिहायला प्रश्न कुठून यायचा? आधी काहीतरी फिरायला किंवा अडायला नको का?

कोथरूडकर
काका, तुमचं स्पष्टीकरण उत्तम, पण त्याने माझंच म्हणणं सिद्ध होतं. ते मला पुस्तकात मिळालं नाही, तुमच्याकडून मिळालं. पानभर उत्तर नको. खाली एक ओळ छापा : 'दोन्ही टोकं पूर्ण खरवडली तर?' बस.

जुन्नरचे गुरुजी
छापा की. पुढच्या जूनमध्ये गाईडमध्ये उत्तर येईल, दोन गुणांसाठी.

कोथरूडकर
येऊ दे. तुमच्या वर्गात तुम्ही आहात, गुरुजी. माझ्या मुलीच्या शिबिरात त्या दिवशी ती ओळ असती, तर निदान ताईंनी तरी वाचली असती.