नॉर्म नाहीत, २५०० नाही, तरी ग्रँडमास्टर?

तिरका_उंट
दिव्या देशमुखने जुलै २०२५ मध्ये जॉर्जियातल्या बातुमीला बुद्धिबळाचा महिला वर्ल्ड कप जिंकला, आनंदच आहे. पण एका स्पर्धेवर थेट ग्रँडमास्टर, म्हणजे बुद्धिबळातला सर्वोच्च किताब? तिथे गेली तेव्हा तिच्या नावावर एकही ग्रँडमास्टर नॉर्म (किताबासाठी एखाद्या स्पर्धेत करून दाखवावी लागणारी ठराविक दर्जाची कामगिरी) नव्हता, रेटिंग २५०० च्या खाली. बाकीची पोरं तीन नॉर्म आणि २५०० साठी उमेदीची वर्षं घालवतात, त्यांनी काय घोडं मारलंय? हा मागच्या दाराने मिळालेला किताब आहे. फिडेने, म्हणजे जागतिक बुद्धिबळ संघटनेने, हा नियम बंद करावा.

अडीच_घरं
"मागच्या दाराने" वाचून डोकं फिरलं, म्हणून सविस्तर लिहितोय.

चीनची झू जिनर, हरिका, माजी जगज्जेती तान झोंगयी आणि फायनलला हंपी. एवढ्यांना हरवून जो दरवाजा उघडतो, तो मागचा कसा? नॉर्मच्या स्पर्धेत एखादा डाव गेला तरी उरलेल्या फेऱ्यांत सावरता येतं. नॉकआउटमध्ये एक मॅच गेली की सामान बांधायचं. फायनलचे दोन्ही क्लासिकल (लांब वेळेचे) डाव बरोबरीत, पहिला जलद डाव बरोबरीत, आणि दुसरा तिने काळ्या मोहऱ्यांनी जिंकला. समोर कोण, तर २००२ पासून ग्रँडमास्टर असलेली बाई. आणि दिव्याचं वय १९. यापेक्षा कडक परीक्षा कुठली असते ते सांगा.

आणि नियमाला मुरड घालून दिलेला किताब आज पहिल्यांदा बघताय का? तेव्हाची महिला जगज्जेती नोना गाप्रिंदाश्विली १९७७ ला अमेरिकेतल्या लोन पाइन स्पर्धेत संयुक्त पहिली आली. नॉर्मसाठी लागणारे डाव भरत नव्हते, तरी १९७८ मध्ये फिडेने तिला ग्रँडमास्टर केलं. सुलतान खान तीनदा ब्रिटिश विजेता, माजी जगज्जेत्या कापाब्लांकाला हरवलेला माणूस. १९६६ मध्ये वारला आणि मानद ग्रँडमास्टर किताब मिळाला २०२४ मध्ये! कागद उशिरा आला म्हणून तो तोवर मास्टर नव्हता का?

तिरका_उंट
नोनाचं उदाहरण माझ्याच बाजूचं आहे. ती पुरुषांमध्ये खेळून पहिली आली होती. ज्युडिट पोल्गार १९९१ मध्ये १५ व्या वर्षी ग्रँडमास्टर झाली तीसुद्धा हंगेरीची खुली राष्ट्रीय स्पर्धा जिंकून. माझा प्रश्न सरळ आहे. फक्त महिलांच्या स्पर्धेवर खुला, म्हणजे पुरुष-महिला सगळ्यांसाठी एकच असलेला किताब का?

पटावरची_आई
नॉर्म नॉर्म काय लावलंय? ते कसे होतात ते बघितलंय का कधी? आम्ही मुलाला घेऊन युरोपात एका क्लोज्ड (ठरवून बोलावलेल्या खेळाडूंच्या) स्पर्धेला गेलो होतो. दहा खेळाडू. नियमापुरते तीन ग्रँडमास्टर आणि परदेशी खेळाडू आयोजकाने जमवलेले, त्यांचं मानधन, राहणं, खाणं सगळं आमच्यासारख्या आईबापांच्या फीमधून. शेवटच्या फेरीत मुलाला जिंकायलाच हवं होतं. आदल्या रात्री हॉटेलच्या जिन्यात समोरचा ग्रँडमास्टर माझ्या नवऱ्याला गाठून म्हणाला, उद्याचं काय ते आत्ताच ठरवून टाकू. मुलाला सांगितलं तर तो रागाने रडायला लागला. दुसऱ्या दिवशी सहा तास लढला, डाव बरोबरीत सुटला, नॉर्म अर्ध्या गुणाने गेला. शेजारच्या पटावर दोघांनी मिनिटभर घोडे नाचवले, हात मिळवले, आणि एकाचा नॉर्म झाला. तो तुमचा पुढचा दरवाजा!

निवृत्त_पंच
बाई, सगळ्यांना एका माळेत ओवू नका. नॉर्म म्हणजे प्रतिस्पर्ध्यांच्या रेटिंगची सरासरी किमान २३८०, त्यांच्यासमोर कामगिरी २६०० रेटिंगच्या तोडीची. आणि असे तीन नॉर्म, मिळून २७ डाव. ती पोरं रक्त आटवतात. चार लबाडांमुळे त्यांच्या प्रमाणपत्रावर थुंकणार का? त्याच वेळी पंचांकडे तक्रार का केली नाहीत?

पटावरची_आई
जिन्यातल्या बोलण्याचा पुरावा कुठून आणायचा? परक्या देशात, सतरा वर्षांचं पोर, पुढच्या महिन्यात परत त्याच लोकांत खेळायचं. तक्रार करा म्हणणं सोपं असतं.

काळा_हत्ती
अगदी खरंय. खुल्या स्पर्धांतही शेवटच्या फेरीत वरच्या पटांवर अर्ध्या तासात शांतता असते. ठराविक चालींआधी आपसात ठरवून बरोबरी बंद करा, सगळीकडे, अपवाद नको.

निवृत्त_पंच
आणि त्याच चाली तीनदा फिरवून नियमानेच बरोबरी मागितली तर? तो नियम असलेल्या स्पर्धेत मी उभा होतो. पोरं पाठ केलेले बरोबरीचे डाव जसेच्या तसे खेळून उठली. नियमाने नियत बदलत नाही.

जुनी_सोंगटी
मराठीत बायकांच्या बुद्धिबळावर एवढी हाणामारी चालू आहे आणि खाडिलकर भगिनींचं नाव कुणी घेत नाही, याचा मला मनापासून राग आलाय. १९७४ ची पहिली राष्ट्रीय महिला विजेती वासंती. जयश्री १९७९ मध्ये भारताची पहिली महिला इंटरनॅशनल मास्टर. रोहिणी १९७६ ला, १३ व्या वर्षी, पुरुषांच्या राष्ट्रीय स्पर्धेत उतरली तेव्हा केवढा गदारोळ झाला! फिडेचे अध्यक्ष मॅक्स युवे यांना सांगावं लागलं की बायकांना अडवता येणार नाही. आधी दार बंद ठेवायचं आणि मग विचारायचं, पुरुषांमध्ये खेळून का नाही मिळवला?

अडीच_घरं
हेच म्हणायचं होतं. आणि उंटराव, दिव्या खुल्यात खेळायला घाबरते असं वाटत असेल तर समरकंद बघा. सप्टेंबर २०२५ मध्ये तिथे झालेल्या फिडेच्या ग्रँड स्विस स्पर्धेला ती खुल्या गटात बसली, जगज्जेत्या गुकेशशी बरोबरी केली. किताब खिशात असताना. कुणी बळजबरी केली नव्हती.

तिरका_उंट
समरकंदचं मान्य. "मागच्या दाराने" हा शब्दही मागे घेतो, कारण नॉर्मचा दरवाजाही फार स्वच्छ नाही असं दिसतंय. पण मागणी सोडत नाही. वर्ल्ड कप जिंकणाऱ्याला किताब जाहीर करा, हातात द्या २५०० गाठल्यावर.

अडीच_घरं
मग हीच अट जागतिक ज्युनिअर जिंकणाऱ्या मुलांनाही लावा. त्यांनाही ग्रँडमास्टर थेट मिळतो. त्यावर तुमचा धागा शोधला, सापडला नाही.

तिरका_उंट
लावा. मी नाही म्हणालोच नव्हतो.

पटावरची_आई
पंचसाहेब, माझ्या प्रश्नाचं उत्तर राहिलंय. पुरावा कुठून आणायचा?