अमेरिकेविषयीचा राग: तुम्ही प्रत्यक्ष काय पाहिले?

नोकरी, शिक्षण किंवा प्रवासाच्या निमित्ताने परदेशी गेलेल्या आपल्यापैकी अनेकांनी अमेरिकेविषयीचा राग कधी भिंतीवर रंगवलेला पाहिला असेल, तर कधी जेवताना ऐकला असेल. ‘मत्सर, दुसरे काय’ हे त्याचे नेहमीचे स्पष्टीकरण मला तोकडे वाटते. म्हणून येथे मतांऐवजी प्रसंग सांगावेत, अशी विनंती आहे: कोण रागावले होते, आणि कारण विचारल्यावर त्यांनी कोणती तारीख सांगितली? सुरुवात मी करतो; त्याखालच्या नोंदी इतर वाचकांच्या आहेत.

तेहरान

२००४ साली एका कारखान्याच्या उभारणीसाठी मी सात महिने तेथे होतो. जुन्या अमेरिकी वकिलातीच्या भिंतीवर कवटीच्या तोंडाची स्वातंत्र्यदेवता रंगवलेली होती आणि आमची गाडी रोज तिच्यासमोरून जात असे. १९७९मध्ये क्रांतिकारकांनी या वकिलातीत शिरून ५२ जणांना ४४४ दिवस ओलीस ठेवले, एवढेच मला ठाऊक होते, म्हणून मी चालकाला त्याबद्दल विचारले. ‘मोहंदेस, तुम्ही गोष्ट मधूनच सुरू करता आहात,’ असे तो म्हणाला. (तेथे इंजिनिअरला अदबीने असेच संबोधतात.) त्याची गोष्ट १९ ऑगस्ट १९५३ रोजी सुरू होत होती. ब्रिटिश कंपनीच्या हातातील तेलाचे राष्ट्रीयीकरण करणारे पंतप्रधान मोसद्देघ त्या दिवशी सीआयए आणि ब्रिटिश हेरखात्याच्या कटामुळे सत्तेवरून गेले, आणि शहाने (इराणच्या राजाने) पुढे उभारलेली सावाक ही गुप्त पोलीस यंत्रणा क्रांती होईपर्यंत लोकांच्या मानगुटीवर बसून राहिली. त्याची दुसरी तारीख ३ जुलै १९८८ ही होती. अमेरिकी युद्धनौकेने इराण एअरचे प्रवासी विमान पाडले आणि २९० माणसे मेली. त्यांत दहा भारतीय होते, हे मला त्याच्याकडून कळले. त्या नौकेच्या कप्तानाला पुढे पदक मिळाले, ही गोष्ट त्याला विमान पाडण्याहूनही अधिक लागली होती. याच चालकाचा मुलगा अमेरिकी व्हिसाच्या मुलाखतीसाठी दुबईला जाऊन आला होता, आणि त्यात काही विसंगत आहे असे त्या दोघांनाही वाटत नव्हते.

ओकिनावा

मी येथे संशोधनासाठी चार वर्षे राहिले. जपानच्या एकूण भूमीपैकी या बेटांचा वाटा जेमतेम ०.६ टक्के आहे, आणि केवळ अमेरिकी सैन्याच्या वापरात असलेल्या तळांच्या क्षेत्रापैकी सुमारे ७० टक्के क्षेत्र येथेच आहे. माझ्या घरमालकीणबाई न्याहारीला अमेरिकी डबाबंद मांस परतत असत, कारण युद्धानंतरच्या उपासमारीत तेच मिळे आणि जिभेला त्याची सवय झाली. अमेरिकी मुलांशी त्या अगदी मायेने बोलत. मात्र विमानाची घरघर डोक्यावर आली की त्या बोलणे थांबवून छताकडे पाहत. ३० जून १९५९ रोजी त्या नऊ वर्षांच्या होत्या. त्या दिवशी त्यांच्या घराजवळच्या मियामोरी प्राथमिक शाळेवर अमेरिकी लढाऊ विमान कोसळले आणि अकरा विद्यार्थ्यांसह सतरा जण गेले. १९९५मध्ये तीन सैनिकांनी बारा वर्षांच्या मुलीवर बलात्कार केला, तेव्हा निषेधसभेला गेलेल्या हजारो लोकांत त्याही होत्या. २००४मध्ये एक लष्करी हेलिकॉप्टर विद्यापीठाच्या आवारात पडले, त्याविषयी त्या शांतपणे सांगत: अमेरिकी सैनिकांनी जागा वेढली आणि जपानी पोलिसांनाच आत येऊ दिले नाही. ‘घर आमचे, आणि उंबऱ्यावर आम्हीच उभे,’ असा काहीसा त्यांचा शब्दप्रयोग होता.

बीड जिल्हा

परदेशी न जाताही हा राग पाहिलेला मी एक म्हातारा आहे. १९६६च्या दुष्काळात आम्ही रेशनवरचा अमेरिकेचा लाल गहू खाऊन जगलो, हे मी नाकारत नाही. परंतु भारताने व्हिएतनामवरील बॉम्बफेकीवर टीका केली, आणि अध्यक्ष जॉन्सन गव्हाची जहाजे एकदम न सोडता थोडीथोडी सोडू लागले, हे वर्तमानपत्रात वाचून आमचे मास्तर वडील ताटावर बसल्या बसल्या गप्प होत. त्याला मिंधेपणा म्हणतात. पोट भरते आणि मान खाली जाते. डिसेंबर १९७१मध्ये, पाकिस्तानशी युद्ध सुरू असताना, अमेरिकेच्या सातव्या आरमाराची एंटरप्राइज ही नौका बंगालच्या उपसागराकडे निघाल्याची बातमी आली, तेव्हा वडील प्रथमच मोठ्याने बोलले, आणि ते शब्द येथे लिहिण्याजोगे नाहीत. आमच्या बांधावरचे गाजर गवतही त्याच गव्हातून आले.

वरील गवताविषयी एक दुरुस्ती

मी वनस्पतिशास्त्र शिकवते. पीएल ४८० (अमेरिकी धान्य इतर देशांना देण्याचा कायदा) अन्वये भारताशी झालेला पहिला करार ऑगस्ट १९५६मधला आहे, आणि गाजर गवत पुण्यात त्याच सुमारास आढळले होते, त्यामुळे हा हिशेब सहज जुळत नाही. माझ्या मते राग आधी होता. गवत त्याला नंतर चिकटले. काकांच्या उरलेल्या कथनाविषयी मात्र माझी काहीच तक्रार नाही.

हो चि मिन्ह सिटी

येथे राग शोधूनही सापडला नाही, आणि त्याचेच मला नवल वाटले. युद्धसंग्रहालयाच्या नावात १९७५ साली ‘अमेरिकी व कठपुतळ्यांचे गुन्हे’ असे शब्द होते; १९९०मध्ये त्यातील ‘अमेरिकी’ गळाले आणि १९९५मध्ये अमेरिका व व्हिएतनाम यांचे राजनैतिक संबंध प्रस्थापित झाल्यावर ‘गुन्हे’ही गळाले. आतील छायाचित्रे मात्र पाहवत नाहीत. माझ्या तरुण सहकारिणीला मी विचारले, तर ती १९७९च्या चिनी आक्रमणाबद्दल बोलू लागली.

टोरोंटो

आमच्याकडचा राग अगदी ताजा आहे. कॅनडाला उद्देशून ट्रम्प यांनी वापरलेले ‘५१वे राज्य’ हे शब्द आणि आयातशुल्क यांच्या पाठोपाठ मार्च २०२५मध्ये येथील सरकारी दुकानांतून अमेरिकी दारू हटवली गेली, आणि त्याआधीच हॉकीच्या सामन्यांत अमेरिकी राष्ट्रगीताची हुर्यो उडवली जाऊ लागली होती. माझ्या शेजाऱ्यांची मुलगी बफेलोला राहते, म्हणून ते अजूनही महिन्यातून दोनदा सीमा ओलांडतात. परंतु पलीकडे पेट्रोल स्वस्त असूनही टाकी आता कॅनडाच्याच बाजूला भरून निघतात.