जुना पोको एफ१ रूट करायचाय, सोबत सॅमसंगही करावा का? (ठाणे)

घोडबंदरकर
नमस्कार मंडळी. पोको एफ१ घरात नुसता पडून आहे. गॅलरीत कॅमेरा म्हणून चोवीस तास लावायचाय, म्हणजे चार्जर कायम जोडलेला. बॅटरी फुगू नये म्हणून चार्जिंग ८० टक्क्यांवर थांबवायचं तर रूट (फोनच्या सिस्टमवर पूर्ण ताबा मिळवणं) लागतं असं वाचलं. रोजचा फोन सॅमसंग आहे. त्यातली नको असलेली अ‍ॅप्स निघत नाहीत, तर तोही करून टाकू का? स्टेशनजवळचा एक दुकानदार दोन्ही करून देतो म्हणतोय. यूपीआय मात्र चालायलाच हवं.

ऐरोली_सेक्टर८
सॅमसंगला हात लावू नका. बूटलोडर (फोन सुरू होताना सिस्टम चालू करणारा प्रोग्राम) अनलॉक करून बाहेरचं सॉफ्टवेअर टाकलंत की नॉक्सचा, म्हणजे सॅमसंगच्या सुरक्षा यंत्रणेचा, फ्यूज उडतो, आणि तो हार्डवेअरमधला असल्याने परत बसत नाही. सिक्युअर फोल्डर (खाजगी फाइल्सचा कुलूपबंद कप्पा) कायमचा गेला. कंपनीचं सॉफ्टवेअर पुन्हा टाकलं तरी येत नाही. बँकेच्या अ‍ॅप्सचं दुखणं वेगळंच: बूटलोडर नुसता उघडा असला तरी प्ले इंटिग्रिटीची (फोनमध्ये फेरफार झालाय का ते बघणारी गुगलची) तपासणी नापास होऊ शकते. आज पळवाट सापडते, उद्या अपडेट येतं आणि रिक्षावाल्यासमोर क्यूआर स्कॅन करताना अ‍ॅप उघडत नाही.

नको असलेली अ‍ॅप्स रूटशिवाय जातात. डेव्हलपर ऑप्शन्समध्ये यूएसबी डीबगिंग चालू करा, लॅपटॉपवरून एडीबीने (केबलवरून फोनला आज्ञा देणारं टूल) ‘युझर ०’, म्हणजे फोनच्या मुख्य वापरकर्त्यासाठी, अनइन्स्टॉल करा. अ‍ॅप सिस्टममध्ये राहतं, तुमच्यापुरतं जातं, हवं तेव्हा परत आणता येतं. फक्त नाव न ओळखता काही काढू नका.

पोकोवर मात्र बिनधास्त प्रयोग करा. २०१८ चा फोन, कंपनीचे अपडेट अँड्रॉइड १० वरच थांबले, लिनिएज ओएस (अँड्रॉइडवर आधारलेली मोफत सिस्टम) चांगलं चालतं. नव्या लिनिएजमध्ये बॅटरीच्या सेटिंगमध्ये चार्जिंग कंट्रोल असतं. तुमच्या फोनवर ते दिसलं तर रूटची गरजच नाही. आधी तेवढं बघा.

नेरूळची_ताई
दुकानात अजिबात देऊ नका! फोनचा पिन मागतात, गुगल अकाउंट तसंच असतं, आणि कुठून आणलेली फाइल टाकली ते कळायला मार्ग नाही. ‘एका क्लिकमध्ये रूट’वाली अ‍ॅप्सही नकोत, पूर्ण फोनचा ताबा कुणाला देतोय तेच कळत नाही. घरी बसून करा, एक रविवार पुरतो. अनलॉकला सगळा डेटा उडतो, फोटो आधी काढून घ्या.

घोडबंदरकर
ताई, दादा, आभार. सॅमसंगचा विचार सोडला. पोकोचा क्रम सांगाल का? आणि चार्जिंग कंट्रोल नाहीच दिसलं तर?

ऐरोली_सेक्टर८
आधी शाओमी (पोकोची कंपनी) अकाउंट फोनला जोडा, वायफाय बंद करून सिमच्या डेटावर. मग शाओमीचं अनलॉक टूल काही दिवस थांबायला लावतं. त्या काळात अकाउंट काढून पुन्हा टाकू नका. अनलॉक झाल्यावर टीडब्ल्यूआरपीमधून (फोनवर टाकायची बाहेरची रिकव्हरी) ईएफएस आणि पर्सिस्ट या पार्टिशनांचा, म्हणजे फोनच्या नेटवर्क व सेन्सरची माहिती असलेल्या भागांचा, बॅकअप लॅपटॉपवर काढून ठेवा. हा कंटाळा करू नका, आयएमईआय (फोनचा ओळख क्रमांक) गेला तर त्याच बॅकअपवर भरवसा. मग लिनिएजच्या विकीवर तुमच्या मॉडेलचं पान (सांकेतिक नाव बेरिलियम) उघडा, कुठलं फर्मवेअर हवं ते वाचा आणि त्याच क्रमाने जा.

कंट्रोल नसेल तर मॅजिस्क (रूट करणारं अ‍ॅप). लिनिएजची जी आवृत्ती टाकलीत तिचीच बूट इमेज (फोन सुरू करणारी फाइल) घ्या, फोनवर मॅजिस्क अ‍ॅपने पॅच करा, फास्टबूटने (लॅपटॉपवरून फोनमध्ये फाइल टाकणारं टूल) टाका. मूळ बूट इमेज जपून ठेवा. फोन लोगोवर अडकला तर तीच परत टाकली की बहुतेक वेळा उठतो. फास्टबूटला फोन दिसत नसेल तर केबल यूएसबी २.० पोर्टला लावून बघा.

नेरूळची_ताई
एक राहिलं. पुढे कधी मूळ मीयूआयवर (शाओमीच्या स्वतःच्या सिस्टमवर) परतायचं झालं तर शाओमीचं ‘मी फ्लॅश’ हे टूल लॅपटॉपवर उघडल्यावर खाली उजवीकडे ‘क्लीन ऑल अँड लॉक’ आधीच निवडलेलं असतं. ते बदलून नुसतं ‘क्लीन ऑल’ करा. चुकीच्या रॉमवर (फोनच्या सिस्टमवर) बूटलोडर लॉक झाला तर फोन उघडत नाही, आणि मग अनलॉकही सोपं राहत नाही.