सल्ला हवा: शिकागो आणि न्यू यॉर्कमध्ये दारूबंदीच्या काळातली नाचघरं नि अड्डे, खरंच बघण्यासारखं काय उरलंय?

पिंपळपान

नमस्कार मंडळी. ऑक्टोबरात चार दिवस शिकागो आणि तीन दिवस न्यू यॉर्क असा बेत आहे. आम्ही तिघी: मी, आई (वय ७१) आणि लेक (वय १७). लेक दोन वर्षं पुण्यात लिंडी हॉप (जॅझवरचा जुना अमेरिकी जोडीचा नाच) शिकतेय, त्यामुळे तिला "ती जुनी नाचघरं" बघायचीयेत. आईचं वेगळंच. तिचे वडील जुन्या मुंबई राज्यात दारूबंदी खात्यात होते. ठाण्याच्या खाडीत होडीतून हातभट्ट्या शोधत फिरायचे आणि जप्त केलेल्या मोटारीच्या ट्यूबा घरामागे पडलेल्या असायच्या. त्या ट्यूबांच्या वासाने आईला अजून मळमळतं, पण "अमेरिकेतले पोलीस काय करत होते ते बघू तरी" म्हणून यायला एका पायावर तयार!

ट्रॅव्हलवाल्याने एक "गँगस्टर टूर" आणि दोन "सिक्रेट बार" गळ्यात मारायचा प्रयत्न केला. दर ऐकून मी फोन ठेवला. आम्ही तिघीही पीत नाही. अशा लोकांनी खरंखुरं काय बघावं? आणि आईचा एक प्रश्न: तिकडे पिणारालाही पकडायचे का?

चकली_चिवडा

तिघीही न पिणाऱ्या आणि दारूचे अड्डे बघायला सातासमुद्रापार! आजोबांचा आत्मा खूष असणार. वाचतोय, जाणकार येतीलच.

लॉरेन्सकर

शिकागोत १९ वर्षं आहे, म्हणून लिहायचा हक्क बजावतो.

सिनेमे बघून डोक्यात जे चित्र असतं, मोठ्ठं नाचघर, झुंबरं, बँड, आणि टेबलाखाली बाटल्या, ते आधी काढून टाका. नाचघर आणि गुत्ता ही बहुतेक वेळा दोन वेगळी घरं होती. ही गोष्ट समजायला शिकागोइतकी सोपी जागा नाही, कारण लॉरेन्स अव्हेन्यूवर ती दोन्ही घरं चार पावलांच्या अंतरावर अजून उभी आहेत.

रेड लाइन पकडून लॉरेन्स स्टेशनला उतरा. समोरच अॅरगॉन बॉलरूम. १९२६ साली कारझास बंधूंनी बांधली. ग्रीसहून आलेली माणसं. खर्च २० लाख डॉलरच्या वर. आतून स्पेनमधल्या राजवाड्याचं अंगण वाटावं अशी रचना, वर चांदण्या लुकलुकणारं छत, आणि लाकडी फरशीच्या खाली बूच, नमदा आणि स्प्रिंगा, म्हणजे रात्रभर नाचलं तरी गुडघे बोलत नाहीत. रेडिओवरून इथला बँड लांबलांबच्या गावांत ऐकू जायचा. पण दारू? थेंब नाही. पुरुषांना कोट-टाय सक्तीचा, आणि टक्सिडो घातलेले देखरेखवाले फरशीवर फिरत असायचे. जोडपं फार जवळ आलं की खांद्यावर टकटक. आपल्याकडच्या गॅदरिंगला मुख्याध्यापिका फिरायच्या तसं.

आता तिथून चौकाकडे चालत या, ब्रॉडवेवर वळलात की ग्रीन मिल. हिचा जन्म १९०७ चा. विसाच्या दशकात शिकागोचा कुप्रसिद्ध टोळीवाला अल कपोन, त्याच्या टोळीतला जॅक मॅकगर्न यात भागीदार होता. १९२७ मध्ये जो लुईस नावाच्या कलाकाराने जास्त पैशांसाठी दुसऱ्या क्लबात जायचं ठरवलं, तर मॅकगर्नच्या माणसांनी त्याचा गळा चिरला. तो वाचला, पुन्हा बोलायला शिकला आणि पुढे विनोदवीर म्हणून नावाजला. आत कपोनचं म्हणून एक कोपऱ्यातलं बाकडं दाखवतात, जिथून दोन्ही दारं दिसतात. आजही तिथे रोज जॅझ असतो. वादन चालू असताना बोललात तर दटावतात, आणि मला ते फार आवडतं. खिशात रोख ठेवा.

एक संध्याकाळ पुरते. टूरवाल्याला एक डॉलर देऊ नका.

पिंपळपान

@लॉरेन्सकर, काय सुरेख लिहिलंत! फक्त एक शंका, ग्रीन मिलमध्ये लेकीला सोडतील का?

लॉरेन्सकर

अरे हो, तेच राहिलं. नाही सोडणार, २१ पूर्ण लागतात. पासपोर्ट बघतात. आई आणि तुम्ही आळीपाळीने जा, किंवा लेकीला बाहेरून ती हिरव्या दिव्यांची पाटी दाखवा. अॅरगॉनमध्ये आता रॉकच्या कॉन्सर्ट होतात. आतून बघायचं तर तिकीट काढूनच, आणि वयाची अट कार्यक्रमागणिक वेगळी असते, आधी तपासा.

खडूस_मास्तर

लॉरेन्सकरांशी बहुतांश सहमत. दोन गोष्टी जोडतो आणि एकीला कात्री लावतो.

कात्री आधी. ग्रीन मिलपासून अॅरगॉनपर्यंत भुयार होतं आणि कपोन त्यातून पळायचा, असं तुम्हाला कोणीतरी नक्की सांगेल. तळघरं आहेत, माल ने-आणीचे बोळ आहेत. पण "कपोनचं भुयार" हे अमेरिकेतल्या प्रत्येक दुसऱ्या जुन्या बारखाली असतं, जसं आपल्याकडे प्रत्येक देवळातून किल्ल्यापर्यंत भुयार असतं.

आता नाचघरात दारू का नव्हती. बंदी येण्याआधी शिकागोतली स्वस्त नाचघरं दारूच्या दुकानांना लागूनच असत. समाजसुधारक बायकांनी तिथे माणसं पाठवून पाहणी केली, तेव्हा दिसलं की नाच जेमतेम चार-पाच मिनिटांचा आणि मधली सुट्टी पंधरा-वीस मिनिटांची. कारण कमाई सुट्टीत, गल्ल्यावर. १७ जानेवारी १९२० पासून तो गल्लाच उघडपणे बंद झाला. मग पैसे मिळवायचे तर तिकिटावर, म्हणजे नाच सतत चालू हवा, जागा मोठी हवी आणि घरच्यांनी पोरींना पाठवावं इतकी सोज्वळ हवी. ट्रायनॉन (१९२२), अॅरगॉन ही सगळी त्या हिशेबातून आलेली. ट्रायनॉन १९६७ मध्ये पाडली. सोज्वळपणाची दुसरी बाजूही सांगतो: ट्रायनॉनमध्ये काळ्या लोकांना प्रवेश नव्हता.

तिसरा प्रकार होता टॅक्सी-डान्स हॉल. एक नाच, दहा सेंटचं एक तिकीट, त्यातलं निम्मं नाचणाऱ्या मुलीला. गिऱ्हाईक सगळे पुरुष, त्यात परदेशातून आलेले एकटे कामगार पुष्कळ, विशेषतः फिलिपिनो. पॉल क्रेसी या शिकागोच्या समाजशास्त्रज्ञाने त्यावर १९३२ मध्ये अख्खं पुस्तक लिहिलं. मुंबईतल्या डान्सबारबंदीवर आपण २००५ पासून जे वाद घातले, त्यातले निम्मे मुद्दे त्यात सापडतील.

आईंचा प्रश्न उत्तम आहे. उत्तर: नाही. बनवणं, विकणं, वाहून नेणं हे गुन्हे. घरात आधीपासून साठवलेली स्वतः पिणं, पाहुण्याला पाजणं चालत असे. शिवाय डॉक्टरच्या चिठ्ठीवर औषध म्हणून दहा दिवसांना एक पाइंट (जवळपास अर्धा लिटर) व्हिस्की मिळे. आपला १९४९ चा मुंबई दारूबंदी कायदा याहून कडक. इथे परवान्याशिवाय पिणं हाच गुन्हा. तुमच्या आजोबांना तोंडाचा वास घेऊन माणूस धरता येत होता. शिकागोतल्या पोलिसाला ती सोय नव्हती, आणि खरं सांगायचं तर बऱ्याच जणांना हफ्ता मिळत असल्याने हवीही नव्हती.

गिरगावचा_म्हातारा

मास्तर, वास घेण्यावरून आठवलं. आमच्या चाळीतले एक काका रोज संध्याकाळी बडीशेप चघळतच जिना चढायचे. सगळ्या चाळीला माहीत होतं, पोलिसांना सोडून. आणि डॉक्टरची चिठ्ठी आपल्याकडेही होतीच की, "प्रकृतीसाठी आवश्यक" म्हणून परमिट. किती धट्टीकट्टी माणसं त्या काळात कागदोपत्री आजारी होती!

पण मी आलोय ते दुसऱ्या गोष्टीसाठी. पिंपळपानताई, शिकागोत दक्षिणेकडे ३५ व्या रस्त्यावर सनसेट कॅफेची इमारत आहे. गोरे-काळे एकत्र बसायचे असे जे थोडे क्लब होते, त्यातला हा. ट्रंपेटवर लुई आर्मस्ट्राँग आणि पियानोवर अर्ल हाइन्स इथे १९२६-२७ च्या सुमाराला वाजवत. क्लब केव्हाच गेला, पुढे त्या जागेत हार्डवेअरचं दुकान होतं. आत बघण्यासारखं काही नाही, रस्त्यावरूनच बघा.

त्याच काळात, त्याच भागात, व्हेंडोम नावाच्या थिएटरच्या वाद्यवृंदात आर्मस्ट्राँगच्या बरोबर पियानोला टेडी वेदरफर्ड होता. तो १९२६ मध्ये आशियात आला तो इकडचाच झाला. शांघाय, मग आपल्या मुंबईचं ताज, मग कलकत्ता. १९४५ मध्ये कलकत्त्यात पटकीने गेला. गोव्यातल्या अल्डोण्याचा चिक चॉकलेट मुंबईत आर्मस्ट्राँगच्या ढंगाने ट्रंपेट वाजवायचा तो याच वाऱ्याने. आणि मग आली मोरारजींची दारूबंदी. मुंबईतले क्लब ओस पडले, गोव्याचे वादक सिनेमाच्या स्टुडिओंकडे वळले. चिक चॉकलेटने आपल्या सी. रामचंद्रांना साथ केली. गंमत बघा, अमेरिकेत दारूबंदीने जॅझवाल्यांना काम दिलं, आणि आमच्याकडे दारूबंदीने त्यांचं काम काढून घेतलं.

खडूस_मास्तर

@गिरगावचा_म्हातारा, शेवटच्या वाक्याला थोडी पुस्ती. तिकडे काम दिलं ते टोळीवाल्यांनी. नोकरी सोडली तर काय होई, ते जो लुईसला विचारा. पण वेदरफर्डसाठी दंडवत.

हडसनकाठ

न्यू यॉर्कचं मी सांगते. लेक लिंडी हॉपवाली आहे म्हणजे हार्लेमला जायलाच हवं. लेनॉक्स अव्हेन्यू, १४० आणि १४१ व्या रस्त्यांच्या मधे सव्हॉय बॉलरूम होती. मार्च १९२६ मध्ये उघडली, १९५८ मध्ये बंद. तिथे आता राहत्या इमारती आहेत. फुटपाथवर एक स्मृतिफलक आहे, २००२ मध्ये लावलेला, तेव्हा लिंडी हॉपचे गाजलेले नर्तक फ्रँकी मॅनिंग आणि नॉर्मा मिलर स्वतः हजर होते. तुमच्या लेकीला ही नावं सांगायची गरज पडू नये. सव्हॉयमध्ये दोन बँडचे दोन मंच शेजारी, एक थांबला की दुसरा सुरू. मास्तर म्हणतात तो "नाच सतत चालू" हिशेब इथे पूर्णत्वाला गेला! फरशी इतकी झिजायची की दर तीन वर्षांनी बदलत. आणि गोरे-काळे एकाच फरशीवर नाचत.

जवळच १४२ व्या रस्त्यापाशी कॉटन क्लब होता. मालक ओनी मॅडन, बूटलेगर म्हणजे चोरट्या दारूचा व्यापारी. मंचावर ड्यूक एलिंग्टन, नाचणाऱ्या सगळ्या काळ्या मुली, आणि गिऱ्हाईक फक्त गोरं. लेकीला दोन्ही जागांमधलं अंतर पायी चालायला लावा, पाच मिनिटंसुद्धा लागत नाहीत. मला स्वतःला सगळ्या न्यू यॉर्कमध्ये तो तुकडा सर्वात जास्त बोलका वाटतो, जरी बघायला तिथे काही नाही.

आईंसाठी: ५२ व्या रस्त्यावर २१ नंबरचं घर, '२१ क्लब' नावाचा तेव्हाचा गुत्ता. २०२० पासून बंद आहे, पण किस्सा पोलीसखात्यातल्या माणसाच्या मुलीने ऐकावा असाच. तळघरातल्या विटांच्या भिंतीतच दार, दोन टनांहून जड, ठरावीक फटीत बारीक तार घातली तरच उघडणारं. आणि साठा होता भिंतीपलीकडे, शेजारच्या १९ नंबरच्या घराखाली. म्हणजे धाड पडली की "या घरात दारू नाही" असं शपथेवर सांगायला मोकळे.

अजून एक. न्यू यॉर्कमध्ये १९२६ साली कॅबरे कायदा आला, खाण्यापिण्याच्या जागी नाचायला परवाना हवा म्हणून. दारूबंदी १९३३ मध्ये उठली, हा कायदा मात्र २०१७ पर्यंत जिवंत होता.

मोटारसिटी

डेट्रॉइटचं कोणी नावच घेत नाही, म्हणून हळहळ. चोरट्या दारूचा खरा महामार्ग हा. नदीपलीकडे कॅनडातलं विंडसर, अंतर मैलाच्या आत. तिथे बाहेर पाठवायला दारू बनवणं कायदेशीर. उन्हाळ्यात होड्या, हिवाळ्यात गोठलेल्या नदीवरून मोटारी. बर्फ फुटला तर उडी मारता यावी म्हणून दारं उघडी ठेवून चालवत. शिकागोहून गाडीने पाच तास. नदीकाठी उभं राहिलं तरी सगळं समजतं. विंडसरला जायचं तर भारतीय पासपोर्टला कॅनडाचा व्हिसा लागेल, ते लक्षात असू द्या.

चकली_चिवडा

ठाण्याच्या खाडीत ट्यूबा, डेट्रॉइटच्या नदीत मोटारी. प्रमाण वेगळं, डोकं तेच.

तो व्हॅलेंटाइन डेचा गोळीबार झालेलं गॅरेज बघायला मिळतं का हो?

लॉरेन्सकर

नाही. नॉर्थ क्लार्क स्ट्रीटवरचं ते गॅरेज १९६७ मध्ये पाडलं. १४ फेब्रुवारी १९२९ ला टोळीयुद्धात सात माणसं जिथे मारली, तिथे आता हिरवळ आहे, लोक कुत्री फिरवतात. भिंतीच्या विटा लास वेगासच्या संग्रहालयात गेल्या. मी पाहुण्यांना तिथे नेणं सोडलं, सगळे फोटो काढून "बस इतकंच?" म्हणतात.

त्यापेक्षा होली नेम कॅथीड्रलसमोर जा. समोरच्या बाजूला डीन ओबॅनियनचं फुलांचं दुकान होतं. दारूच्या टोळीचा म्होरक्या आणि खराखुरा फुलवाला, दोन्ही. नोव्हेंबर १९२४ मध्ये एका अंत्ययात्रेसाठी शेवंतीची फुलं कापत असताना तीन जण आले, एकाने हात मिळवला आणि सोडलाच नाही. बाकीच्यांनी गोळ्या घातल्या. दुकान नाही आता, पण चर्च आहे, बसायला बाकं आहेत. आईंना विश्रांतीही होईल.

पिंपळपान

सगळ्यांचे आभार कसे मानू! आईला धागा वाचून दाखवला. पिणं गुन्हा नव्हतं हे ऐकून ती म्हणाली, "मग बाबांचं काम तिकडच्यांपेक्षा अवघड होतं की सोपं?" आणि बराच वेळ गप्प बसली. मग म्हणाली की बाबा धाडीवरून आले की आधी अंगणातच आंघोळ करायचे, आणि ज्या बाईची भट्टी फोडली तिच्या पोरांना आठवड्याभराने गुळाची ढेप द्यायला जायचे. ही गोष्ट मी ४६ वर्षांत पहिल्यांदा ऐकली.

बेत असा ठरतोय: शिकागोत लॉरेन्स अव्हेन्यूची एक संध्याकाळ, ग्रीन मिलमध्ये आई आणि मी आळीपाळीने. दुसऱ्या दिवशी सकाळी कॅथीड्रल आणि दुपारी ३५ वा रस्ता. न्यू यॉर्कला हार्लेमचा अख्खा दिवस. डेट्रॉइट रद्द, आईचे गुडघे पाच तासांना तयार नाहीत. लेकीचा एकच प्रश्न आहे, सव्हॉयच्या फलकापाशी फुटपाथवर नाचलं तर पोलीस काही म्हणतील का?

हडसनकाठ

काही नाही म्हणत. दुसरे लोकही नाचताना दिसतील कधीकधी. फक्त रविवारी सकाळी नको, चर्चला जाणारी गर्दी असते. आणि चांगले बूट आणा, तो फुटपाथ सव्हॉयच्या फरशीसारखा नाही.